सुगीत आलेला पॅरिसचा मास्तर

पंधरा दिवसांपूर्वी शेजारच्या हौसाबाईंच्या भातखाचरात विळा लागला. सकाळी खिडकी उघडली तसा कापलेल्या इंद्रायणी भाताचा वास आत आला. मी खिडकी लावून घेतली. थोड्या वेळाने पुन्हा उघडली. पिरंगुटजवळच्या या भरे गावात राहायचं आणि दिवाळीनंतर हा वास दाराबाहेर ठेवायचा, हे कुणाला जमणार? थोडा ओला, थोडा भाजल्यासारखा वास. माझी बायको लिया म्हणायची, याला मराठीत नाव नाही आणि फ्रेंचमध्येही नाही, म्हणजे तो नुसता घ्यायचा.

ती गेल्यानंतरची ही तिसरी सुगी. पहिली मी पुण्यात पुतणीकडे काढली. दुसरीच्या वेळी काहीतरी काम काढून नागपूरला जाऊन बसलो. यंदा गुडघ्यांनी ऐकलं नाही, घरीच राहिलो. कापून पसरलेली कडपं वाळली, झोडणी सुरू झाली, आणि पेंढ्या फळीवर आपटल्याचा तो धप्प धप्प आवाज दिवसभर यायला लागला. हौसाबाईंचं निम्मं रान आता प्लॉटवाल्याच्या भिंतीआड गेलं आहे, त्यामुळे झोडणी पूर्वीसारखी दहा-बारा दिवस चालत नाही. चार दिवसांत आटोपते. लिया गेली त्या वर्षी मात्र ती लांबली होती, आणि त्या आवाजावर आमच्या घरात लिहिणं चालायचं. लिया सांगायची, मी लिहायचो.

लियानं पुण्याच्या एका कॉलेजात तीस वर्षं फ्रेंच शिकवलं. मी त्याच कॉलेजात ग्रंथपाल होतो. ती बेने इस्रायल, म्हणजे कोकणात शेकडो वर्षं राहून मराठीच झालेल्या ज्यू लोकांतली. तिचे पणजोबा अलिबागकडे तेलाचा घाणा चालवत आणि शनिवारी बैल सोडून ठेवत, म्हणून गाव त्यांना शनवार तेली म्हणे. निवृत्तीनंतर आम्ही इथे छोटं घर बांधलं. त्या वर्षी पावसाळा सरता सरता डॉक्टरांनी आम्हाला सांगितलं की लियाला यापुढे औषध फक्त वेदनांपुरतं, आजारावर नाही. त्याच सुमारास तिच्या पॅरिसच्या जुन्या मैत्रिणीचं एक जाड पाकीट टपालानं आलं. मैत्रिणीच्या इमारतीत पूर्वी राहिलेल्या एका ज्यू शिंप्याच्या वहीच्या छायाप्रती होत्या. जर्मनांनी पॅरिस ताब्यात घेतलं, तेव्हापासूनची वही. सोबतच्या चिठ्ठीत लिहिलं होतं, 'इथे ही कुणी वाचत नाही. तुझ्या भाषेत तरी ने.'

लियानं पानं मोजली. एकशे बारा.

"सुगी संपेपर्यंत होईल," ती म्हणाली.

"घाई कसली? सावकाश कर."

"सावकाश करायला मी कुठे आहे?" तिनं चष्मा पुसला आणि पहिलं पान पुढ्यात ओढलं.

दुसऱ्याच पानावर ती अडली. कॉलरच्या आत जो ताठ कपडा घालतात, त्याला मराठीत काय म्हणायचं? मी तीन शब्दकोश काढून दिले. जन्मभर हेच केलं होतं, आणि शब्द सापडला नाही याचं मला वाईट वाटलं. ती म्हणाली, "अरे, शिंपी शब्दकोशात नसतो. दुकानात असतो. चल."

पिरंगुटला बसस्टॉपच्या मागच्या बोळात रशीदभाईंचं दुकान आहे. कंपन्यांचे युनिफॉर्म, शाळेचे गणवेश, जीन्सची लांबी कमी करून मिळेल. त्यांचे वडीलही शिंपी, पुण्यात कॅम्पात होते. लियानं प्रश्न विचारला तेव्हा रशीदभाईंच्या ओठांत टाचण्या होत्या. त्या न काढताच ते म्हणाले, "बकरम."

लियानं मला कोपर मारलं. लिही.

"कुणाचा कोट हाय, मॅडम?"

"पॅरिसच्या एका मास्तरांचा."

"पॅरिस?" टाचण्या आता हातात आल्या. "आवो, लोकं तितनं कापडं आनत्यात आन हितं माझ्याकडं आखूड करायला येत्यात. तितला मास्तर माप घेतुया का न्हाई, कुणास ठावं!"

त्या दिवसापासून पंख्याखालचं स्टूल लियाचं झालं. अंगात जोर असेल त्या सकाळी आम्ही बसनं जायचो. शुक्रवारी दुपारी रशीदभाई नमाजाला दुकान बंद करत, शनिवारी लिया पेनाला हात लावत नसे. हौसाबाईंनी हे ऐकलं तेव्हा बांधावरूनच ओरडून विचारलं, "शुक्कीर त्येंचा, शनवार तुमचा, सोमवारी माझा उपास. मंग त्या मास्तरचं काम कवा व्हायचं ओ?"

काम होत होतं. रशीदभाई मशीन चालवत ऐकायचे. आम्ही पायरी चढलो की विचारायचे, "मास्तर काय म्हनतोय आज?" आणि लिया सांगायची. मास्तर म्हणतोय, आज रेडिओ पोलिसांकडे जमा केला. मग सायकल. मास्तर म्हणतोय, आम्हाला दुकानांत जायला दुपारचा एकच तास दिलाय. तोवर बाकीच्यांच्या रांगांनी भाजी संपवलेली असते, आणि उरतो तो गुरांना घालायचा कंद. बागेतल्या बाकावर बसायचं नाही. मेट्रोत शेवटच्या डब्यातच चढायचं. खाली राहणारा पाववाला आता त्याच्याकडे बघत नाही. तिसऱ्या मजल्यावरची शाळामास्तरीण मात्र मागच्या जिन्यानं येते, कापड नसताना कोट शिवून घ्यायचं निमित्त करते, गप्पा मारते आणि बटाटे ठेवून जाते. पहिल्याच हिवाळ्याच्या तोंडावर सरकारनं सांगितलं होतं, ज्यू असाल तर येऊन नाव लिहा. मास्तर चांगला शर्ट घालून गेला, रांगेत उभा राहिला आणि नीट अक्षरात नाव लिहून आला. बायकोचं, स्वतःचं, आणि मुलीचं. मुलगी रोझ, तेव्हा बारा वर्षांची.

"सोताहून गेला?" रशीदभाईंनी मशीन थांबवलं.

"सगळेच गेले. कायद्याची माणसं होती."

रशीदभाईंनी सुईतला दोरा काढून पुन्हा ओवला.

एकदा लियानं विचारलं, जुना कोट उसवून, आतली बाजू बाहेर घेऊन पुन्हा शिवतात, याला काय म्हणाल? पॅरिसमध्ये कापड मिळेना, म्हणून मास्तर दिवसभर हेच करायचा. रशीदभाईंचा चेहरा उजळला. "कोट उलटवनं! माझा बाप करायचा. सायबांचं कोट. पर मॅडम, एक भानगड हाय. डावीकडचा खिसा उजवीकडं जातुया. बगनाऱ्याला लगीच कळतं, ह्यो कोट उलटवल्याला हाय."

लिया हसायला लागली, खोकला येईपर्यंत. वहीत पुढच्याच ओळीत मास्तरनं तेच लिहिलं होतं. त्या वर्षी अर्ध्या पॅरिसचे खिसे उजवीकडे होते, असं. रशीदभाईंना तिनं ते वाचून दाखवलं तेव्हा त्यांनी हातातली कात्री टेबलावर आपटली. "मंग! मास्तर जातिवंत हाय."

आता मला माझं सांगायचं आहे. रोज संध्याकाळी लिया कच्चं सांगायची आणि मी सुवाच्य अक्षरात उतरवून घ्यायचो. ग्रंथालयाची कार्डं लिहून माझं अक्षर चांगलं झालेलं. सुगी अर्ध्यावर आली तसा मी हळू लिहायला लागलो. अक्षराला वळण देत बसायचो. शाई बदलायचो. एखादं पान बिघडलं म्हणून पुन्हा लिहायचो, न बिघडलेलंसुद्धा. तिनं वही आणि स्वतःला एका मापात धरलं होतं. वही संपली नाही तर तीही संपणार नाही, असा काहीतरी हिशेब माझ्या डोक्यात बसला होता. इतकी पुस्तकं हाताळून शेवटी माणूस इतकंच शहाणं होतं. तिच्या लक्षात आलं असणार. तिनं बोलून दाखवलं नाही. फक्त मधूनमधून माझ्या हाताकडे बघायची.

मग एके सकाळी तिनं दुकानात विचारलं, "रशीदभाई, छातीवर बिल्ला शिवायचाय. हातानं. कुणी ओढला तरी निघता कामा नये. कसा शिवाल?"

कंपन्यांच्या युनिफॉर्मवर बिल्ले लावून लावून हे काम रशीदभाईंच्या बोटांत बसलेलं. त्यांनी एक चिंधी घेतली, तिच्यावर पिवळ्या कापडाचा तुकडा ठेवला. तो रंग पिवळाच कसा हाताला आला, मला माहीत नाही. समोर तोच पडला होता. "कड आत मुडपायची. मंग बखिया, बारीक. म्होरं एक टाका, मागं एक. कोपऱ्यावर दोनदा. शेवटी गाठ, आन गाठीवर गाठ. ओढा."

लियानं ओढलं.

"ओढा वो, घाबरू नका!" त्यांनी स्वतःच हिसका दिला. चिंधी टर्रकन फाटली, पिवळा तुकडा तसाच. "बगितलं? शर्ट फाटंल, पर बिल्ला हलायचा न्हाई."

तिनं सगळं लिहून घेतलं.

ते पान उतरवायला चार दिवस गेले, आणि त्या चार दिवसांत मी मुद्दाम उशीर केलेला नव्हता. नावनोंदणीनंतरच्या दुसऱ्या उन्हाळ्याच्या तोंडावर हुकूम निघाला होता: सहा वर्षांवरच्या प्रत्येक ज्यूनं छातीच्या डाव्या बाजूला पिवळी चांदणी लावायची, आणि ती पक्की शिवलेली हवी. त्यासाठी कपड्याच्या रेशनमधला वाटा द्यावा लागे. टाके सैल आहेत का, हे पोलीस पेन्सिलचं टोक खाली घालून बघत. मास्तरनं सगळ्या इमारतीच्या चांदण्या शिवून दिल्या. रोझच्या अंगरख्याला त्यानं सगळ्यात चांगली शिवली. पेन्सिल शिरणार नाही अशी. काही आठवड्यांनी मेट्रोच्या जिन्यावर पोलिसांनी वाट अडवली. रोझबरोबर शाळेतली एक फ्रेंच मैत्रीण होती. तिनं नंतर येऊन मास्तरला सांगितलं. रोझनं दप्तर छातीशी धरलं आणि त्याच्याआड चांदणी ओढून काढायचा प्रयत्न केला. तीनदा. कापड थोडं फाटलं. चांदणी निघाली नाही.

रोझला शहराबाहेरच्या छावणीत नेलं, तिथून आगगाडीनं पूर्वेकडे. बायको महिनाभरात त्याच वाटेनं गेली. मास्तरला तिसऱ्या मजल्यावरच्या त्या बाईंनी पोटमाळ्यावर लपवलं. तो जगला.

लियानं कागद खाली ठेवले. "मी रशीदभाईंकडून शिवून घेतलं रे ते. हसत हसत शिवून घेतलं. आता त्यांना काय सांगू?"

"सांगू नकोस."

"रोज विचारतात, पोरीचं काय झालं."

तिच्या आजोबांना कुणी कधी नाव लिहायला बोलावलं नव्हतं. कोकणातल्या त्या गावात कुणी त्यांना त्रास दिला नाही, फक्त शनिवारी तेल मिळत नाही म्हणून कुरकुर केली. लिया हे नेहमी सांगायची, थोड्या अभिमानानं. त्या रात्रीपासून ते तिनं पुन्हा सांगितलं नाही.

शेवटी तिनं रशीदभाईंना वाचून दाखवलं. दुकानात दुसरं कुणी नव्हतं. वाचून झालं तरी ते तोंडातल्या टाचण्या काढेनात. मग एकेक काढून टाचण्यांच्या गादीत खोचत बसले. म्हणाले, "माझी बी एक पोरगी हाय. चांद्याला दिलीया."

लियानं कागद दुमडून पिशवीत ठेवले.

"मॅडम, त्यानं काय करायला पायजे व्हतं? तुमीच सांगा. पोरीचं काम बापानं कच्चं कसं करायचं?"

आम्ही निघालो तेव्हा त्यांनी हाक मारली. "मॅडम, ते लिवा तसंच. बखिया, गाठीवर गाठ. खोटं नगा लिवू."

त्यानंतर लियाला पिरंगुटला जाता आलं नाही. आठवड्यानं रशीदभाईच घरी आले, मोसंबी घेऊन. ओसरीवर बसले आणि तिनं काहीही प्रस्तावना न करता सांगितलं, "माझं कफन तुम्ही शिवायचं."

"असलं बोलू नगा, मॅडम."

"आमच्यात पांढऱ्या सुती कापडाचं शिवतात. साधं. खिसा नाही. आणि कुठेही गाठ मारायची नाही. नुसता धावदोरा. सैल. पुण्यात आमच्या बायका शिवून ठेवतात, पण मला तुमच्या हातचं हवं."

रशीदभाईंनी पिशवीतली मोसंबी एकेक काढून खाली ठेवली. "आमच्यात तर कफन शिवतच न्हाईत. गुंडाळत्यात." मग म्हणाले, "गाठ का न्हाई?"

"सुटायला सोपं जावं म्हणून."

आठ दिवसांनी ते कफन शिवून घेऊन आले. लियाचे हात तेव्हा काड्यांसारखे झाले होते, तरी तिनं शिवणीवरून एकेक इंच बोट फिरवलं. खांद्याशी थांबली. "रशीदभाई, गाठ आहे."

"न्हाई हो."

"आहे. हात लावा."

त्यांनी चष्मा वर करून पाहिलं. चेहरा पडला. "मी न्हाई मारली, मॅडम. बोटांनी मारली." मग तिथेच ओसरीवर सगळं उसवलं आणि पुन्हा टाके घालायला बसले. पन्नास वर्षांची सवय रोखून धरावी लागत होती. दोरा संपला की बोटं आपोआप वळायची आणि ते एकदम हात झटकायचे, चटका बसल्यासारखे. हौसाबाई भारा टाकून बघायला आल्या. त्यांना कशाचं कापड ते माहीत नव्हतं. "एवढं झ्याक कापड आन टाका असला? माझी नात बरा घालती."

"मावशी," रशीदभाई मान वर न करता म्हणाले, "सैल शिवायला लई कसब लागतं."

लिया भिंतीला टेकून हसत होती. त्या सुगीतलं तिचं मला दिसतं ते शेवटचं हसू हेच.

भात घरात गेलं, खाचरं मोकळी झाली, आणि ती गेली. पुण्याला ज्यू दफनभूमीत नेलं. तिला न्हाऊ घालणाऱ्या म्हाताऱ्या बाईंनी ते कपडे हातात घेऊन सगळ्या शिवणी चाचपल्या, सवयीनं. माझ्याकडे बघितलं आणि 'ठीक आहे' अशी मान हलवली. एवढंच.

वहीची एकशे दहा पानं माझ्या अक्षरात तयार होती. दोन राहिली होती. मी वळणदार अक्षरं काढत बसलो नसतो तर राहिली नसती, हे मला तीन वर्षं दिवसातून कितीदा तरी समजलं. फ्रेंच मला येत नाही. तिचा एखादा विद्यार्थी गाठता आला असता. गाठला नाही. ती पानं मी उघडलीच नाहीत. रशीदभाई बसस्टॉपवर भेटले की विचारायचे, "सर, मास्तरचं म्होरं काय झालं?" म्हणून मी पिरंगुटला जायचो तेव्हा एक स्टॉप आधीच उतरायला लागलो.

परवा झोडणी संपली. आवाज थांबला आणि घर इतकं रिकामं झालं की मी फाइल काढून ती दोन पानं टेबलावर ठेवली. वाक्यं नव्हतीच. वर ओळीनं सालं, खाली आकडे, आणि कडेला चार-दोन अक्षरांचे तुटके शब्द. तिनं ही पाहिलेली होती का? पाहून मागे ठेवली होती का, त्यात भाषांतर करण्यासारखं काही नाही म्हणून, की दुसऱ्या कशासाठी? आता कुणाला विचारू?

मी पानं घेऊन बसनं गेलो आणि रशीदभाईंच्या दुकानाची पायरी चढलो. त्यांनी तक्रार केली नाही. स्टूल पुढे सरकवलं, पानं खिडकीच्या उजेडात धरली. त्यांना इंग्रजीसुद्धा धड येत नाही.

"सर, ह्ये तर माप हाय."

"कशावरून?"

"आकडं बोलत्यात की." त्यांनी गळ्यातली टेप उलटी केली, सेंटीमीटरची बाजू वर. "उंची. ही पाठ. छाती, कंबर, बाही, गळा. सगळं मास्तर ह्याच वळीनं घेत्यात. पोरीचं हाय. चवदा वर्साची आसंल."

पहिल्या रकान्यावरचं साल रोझला नेलं त्याच उन्हाळ्याचं होतं. मी तसं सांगितलं. पुढचा रकाना पुढच्या वर्षाचा, मग त्याच्या पुढचा. दर वर्षी आकडे थोडे वाढत होते.

"म्हणजे ती परत आली?" मी विचारलं.

रशीदभाई पुन्हा आकड्यांवर वाकले. बोट एका रकान्यावरून दुसऱ्यावर नेलं, मग परत आणलं. "न्हाई, सर. ह्यो पैला रकाना तेवढा खरा. बाकीचं घेतल्यालं माप न्हाई. पोरगी आशी वाडत न्हाई. कदी बाही म्होरं पळती, कंबर मागं ऱ्हाती. एका साली काईच न्हाई, दुसऱ्या साली चार बोटं. हितं बगा, दर साल सारकं, दर साल सारकं. ह्ये बापानं बसून लिवलंय."

बाहेर कंपनीची पाळी सुटली, एक माणूस पॅंट घेऊन आला, रशीदभाईंनी त्याला हातानंच उद्या यायला सांगितलं. मग म्हणाले, "लिवून घ्या, सर. मॅडमचं काम हाय."

ते सांगत गेले, मी लिहीत गेलो. उंची, पाठ, छाती, कंबर. पंधरावं वर्ष, सोळावं, सतरावं. एकेका आकड्यावर त्यांचं बोट थांबायचं, मी मराठीत शब्द लिहिला की पुढे सरकायचं. दुसऱ्या पानाच्या तळाशी शेवटचे दोन रकाने आले. दोन्हींत आकडे तेच होते.

"हितं थांबलं," रशीदभाई म्हणाले.

"काय थांबलं?"

"वाड." त्यांनी टेप गळ्यातून काढून हळूहळू गुंडाळली. "मोठी झाली पोरगी."